मूळ मालक कोण?

चिंचवडच्या चापेकर चौकात उभं राहून कुणी अफगाणांविषयी बोलेल, असं वाटलं नव्हतं. पण बोलणं निघालं. नोव्हेंबर २०२५ च्या अखेरीस वॉशिंग्टनमध्ये एका अफगाणाने नॅशनल गार्डच्या दोन जवानांवर गोळ्या झाडल्या. तो अमेरिकेच्याच गुप्तचर यंत्रणेने पोसलेल्या एका तुकडीत होता, हे बाहेर आलं. लगोलग अमेरिकेने तमाम अफगाणांचे अर्ज थांबवले. सकाळी फिरून झाल्यावर चहाला थांबणाऱ्या आमच्या कंपूत एक निवृत्त मास्तर आहेत. आम्ही त्यांना सर म्हणतो, कारण कंपूतल्या निम्म्या लोकांना त्यांनी शिकवलंय. सर पुतळ्यांकडे हात करून म्हणाले, "परक्या फौजेचं मीठ खाणारा शेवटी कुणाचाच नसतो. द्रविडांचं काय झालं, आठवतंय ना?"

चिंचवडच्या माणसाला हे आठवावं लागत नाही. २२ जून १८९७ च्या रात्री दामोदर आणि बाळकृष्ण चापेकरांनी पुण्यात रँडचा वध घडवला. सरकारने वीस हजारांचं बक्षीस लावलं, द्रविड बंधूंनी माहिती दिली आणि फेब्रुवारी १८९९ मध्ये वासुदेव चापेकर व महादेव रानडे यांनी त्या दोघांना संपवलं. तिन्ही भाऊ फासावर गेले. ही गोष्ट आम्ही शाळेत ऐकली, पोवाड्यात ऐकली, चौकातल्या भाषणांत ऐकली. त्यामुळे परक्या लष्कराला मदत करणारा म्हणजे फितूर, हे समीकरण इथल्या पाण्यातच आहे. अमेरिकी किंवा ब्रिटिश सैन्यासाठी दुभाष्याचं काम केलेल्या अफगाणाला आसरा द्यावा का, हा प्रश्न इथे कुणी विचारला तर त्याचं उत्तर प्रश्नाच्या आधी तयार असतं.

माझं म्हणणं असं आहे की हे उत्तर चुकीचं आहे. आणि ते फक्त अमेरिकेला लागू करून आपण स्वतःची सुटका करून घेतो, ही त्याहून मोठी लबाडी आहे.

आधी फितुरीचं बघू. चाकणहून शिक्रापूरच्या रस्त्याने निघालात की पुढे कोरेगाव भीमा लागतं. १ जानेवारी १८१८ रोजी तिथे कंपनीच्या पलटणीतून लढलेल्या महार शिपायांना फितूर म्हणायची हिंमत आज कुणी चारचौघांत करणार नाही, आणि करूही नये. ज्या राज्याने त्यांना माणूस म्हणून वागवलं नाही, त्या राज्याचं इमान त्यांनी का राखायचं होतं? म्हणजे आपल्याच जिल्ह्यात, तासाभराच्या अंतरावर, परक्या फौजेत जाण्याचे दोन अगदी वेगळे अर्थ शेजारी शेजारी उभे आहेत. एकाचा अर्थ बक्षिसासाठी आपल्या माणसाला विकणं. दुसऱ्याचा अर्थ, आपल्या म्हणवणाऱ्यांनी जगायला जागा ठेवली नाही म्हणून दुसरीकडे जाणं. काबूलच्या त्या दुभाष्याला कुठल्या खणात टाकायचं, हे ठरवण्याआधी तो कुणासाठी काम करत होता ते तरी पाहा. डिसेंबर २००१ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने ठराव करून तिथे आंतरराष्ट्रीय फौज पाठवली. पुढे तिथे राज्यघटना आली, निवडणुका झाल्या, मुलींच्या शाळा उघडल्या. त्या सरकारला आपण मान्यता दिली होती, त्याच्या संसदेची इमारत आपण बांधून दिली होती. त्या सरकारच्या बाजूने लढणाऱ्या फौजेला मदत करणारा अफगाण आपल्याच देशाच्या सरकारचं काम करत होता. तो फितूर असेल तर ती संसद बांधणारे आपण कोण?

कोरेगावच्या गोष्टीचा उत्तरार्ध मात्र स्तंभापुढे फारसा सांगितला जात नाही. ज्या ब्रिटिशांनी महार पलटणींच्या जिवावर मैदानं मारली, त्यांनीच १८९० च्या दशकात 'लढाऊ जाती'चं खूळ डोक्यात घेऊन महारांची सैन्यभरती बंद केली. काम झालं होतं, आता गरज नव्हती. दापोलीचे गोपाळबाबा वलंगकर स्वतः लष्करातून निवृत्त झालेले, त्यांनी अर्ज लिहिले. पुण्याच्या शिवराम जानबा कांबळे यांनी १९१० मध्ये थेट भारतमंत्र्यांकडे अर्ज धाडला. आमच्या वाडवडिलांनी तुमच्यासाठी रक्त सांडलं, त्याची नोंद तुमच्याच दप्तरात आहे, आता आम्हाला दार का बंद, एवढंच त्यांचं म्हणणं. महार रेजिमेंट उभी राहायला १९४१ उजाडलं, तेही साहेबाला पुन्हा गरज पडली तेव्हा. आज इस्लामाबादच्या किंवा दिल्लीच्या खोलीत बसून एखादा अफगाण जो अर्ज लिहितो, तो मला त्या अर्जांच्या जातीचाच वाटतो.

मी गेली बरीच वर्षं कंत्राटी कामगारांच्या केसेस बघतो. भोसरी, चाकण, तळेगाव, रांजणगाव. त्यामुळे मला ही सगळी गोष्ट कंत्राटी कामगाराची गोष्ट म्हणूनच दिसते, आणि त्याबद्दल मी माफी मागणार नाही. पोरगा लातूर किंवा परभणीहून येतो, ठेकेदार त्याला गेटपास देतो, चार वर्षं तो कंपनीच्या लाईनवर उभा राहतो. हुकूम कंपनीचा सुपरवायझर देतो, बोट कंपनीच्या प्रेसखाली जातं, पण कागदावर तो कंपनीचा नसतो. एके दिवशी गेटवर गेटपास जमा करून घेतात. तो विचारतो, माझी हजेरी, माझा पीएफ, माझा अनुभवाचा दाखला? कंपनी म्हणते ठेकेदाराला विचार. ठेकेदाराचा फोन बंद. हा खेळ इतका जुना आहे की १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्यात त्यासाठी खास तरतूद करावी लागली. ठेकेदाराने पगार बुडवला तर तो मूळ मालकाने, म्हणजे प्रिन्सिपल एम्प्लॉयरने, द्यायचा. काम ज्याच्यासाठी झालं त्याला हात झटकता येणार नाहीत. कोर्टात पहिला प्रश्न हाच असतो: मूळ मालक कोण?

अमेरिकेने २००९ मध्ये आपल्या अफगाण साथीदारांसाठी कायदा केला, विशेष व्हिसा ठेवला. ऐकायला उत्तम. अर्जदाराने काय आणायचं? नोकरीचं प्रमाणपत्र, अमेरिकी वरिष्ठाचं शिफारसपत्र, जिवाला धोका असल्याचं निवेदन. आता हा दुभाष्या कामाला होता कंत्राटदार कंपनीकडे. ती कंपनी कधीच गुंडाळली गेली. ज्या लेफ्टनंटबरोबर तो हेलमंदच्या रस्त्यावर फिरला, तो लेफ्टनंट आता ओहायोत की टेक्सासात, कुणाला ठाऊक. काहींना लाय डिटेक्टरच्या एका चाचणीवरून काढून टाकलेलं, कारण न सांगता. त्यांचा हक्क तिथेच संपला. अर्जावर नऊ महिन्यांत निर्णय द्यायचा असं अमेरिकी संसदेनेच सांगितलं होतं, प्रत्यक्षात वर्षंच्या वर्षं गेली. चाकणच्या कुठल्याही कामगाराला हे वाचून दाखवा, तो म्हणेल, साहेब, हे तर आमच्याकडचंच आहे.

ब्रिटिशांनी तर कमालच केली. फेब्रुवारी २०२२ मध्ये त्यांच्या संरक्षण खात्यातून आसरा मागणाऱ्या जवळपास १९ हजार अफगाणांची यादी बाहेर फुटली. नावं, संपर्क, सगळं. तालिबानच्या हाती पडली तर ती मृत्यूची यादीच. सरकारने काय केलं? सप्टेंबर २०२३ मध्ये कोर्टाकडून असा मनाई हुकूम मिळवला की बातमी तर नाहीच, असा हुकूम आहे हेसुद्धा कुणी छापू नये. तो उठला जुलै २०२५ मध्ये. काही हजार लोकांना त्यांनी गुपचूप आणलं, ते बरं केलं. पण त्याच महिन्याच्या सुरुवातीला नव्या अर्जांची मुख्य खिडकी बंद करून झाली होती. जर्मनांनी लेखी हमी दिलेली कुटुंबं पाकिस्तानात गेस्ट हाऊसमध्ये बसून राहिली आणि बर्लिनमधलं सरकार बदलल्यावर हमीच पातळ झाली. एका माणसाने वॉशिंग्टनमध्ये गुन्हा केला, त्याची शिक्षा त्याला व्हावी. पण लाईनवरच्या एका कामगाराने सुपरवायझरला मारलं म्हणून अख्ख्या पाळीचा पगार रोखला तर आपण त्याला काय म्हणतो?

इथपर्यंत आमच्या कंपूत सगळे माना डोलावतात. गोऱ्यांना शिव्या घालायला आपल्याला आवडतं. सरसुद्धा म्हणाले, "वापरून फेकून देण्यात त्यांचा हात कोण धरणार!" अडचण पुढे सुरू होते.

कारण अफगाणिस्तानात आपणही मूळ मालक होतो.

आपण फौज पाठवली नाही, हे खरं. आपण रस्ता बांधला. झरंज ते देलाराम, २१८ किलोमीटर, सीमा सडक संघटनेचा, २००९ मध्ये पुरा झालेला. बांधकामाच्या काळात हल्ल्यांमध्ये सहा भारतीय गेले. त्याच काळात मेलेल्या अफगाणांचा आकडा वर्तमानपत्रांनी १२९ छापला. आपल्या सहा जणांविषयी आपण हळहळलो, ते योग्यच. त्या १२९ जणांतला एक तरी आपल्याला आठवतो का? हेरात प्रांतात हरी नदीवर आपण सलमा धरण बांधलं, जून २०१६ मध्ये पंतप्रधानांनी जाऊन उद्‌घाटन केलं, त्याला अफगाण-भारत मैत्री धरण असं नाव दिलं. त्याची राखण करणारे अफगाण पोलीस तालिबानच्या हल्ल्यांत मेले. ७ जुलै २००८ रोजी काबूलमधल्या आपल्या दूतावासावर मोटारबॉम्ब फुटला. ब्रिगेडियर रवि दत्त मेहता आणि व्यंकटेश्वर राव हे आपले अधिकारी गेले. पन्नासहून अधिक मृतांत बहुसंख्य अफगाणच होते. त्यांतले बरेच व्हिसासाठी रांगेत उभे होते. तीन अब्ज डॉलरची मदत, ३४ प्रांतांत चारशेहून अधिक प्रकल्प, असं आपण जगाला अभिमानाने सांगतो. चारशे प्रकल्प हवेत उभे राहत नाहीत. प्रत्येकाला दुभाष्या लागतो, ड्रायव्हर लागतो, हिशेबनीस लागतो, गेटवर माणूस लागतो.

आणि आपली लष्करी बाजूही होती, ती आपण विसरतो. अफगाण सैन्याचे अधिकारी आपण घडवत होतो. डेहराडूनला, चेन्नईला, आणि इथे आमच्यापासून तासाभराच्या वाटेवर, खडकवासल्याला. एनडीएच्या संचलनात अफगाण कॅडेट असायचे. १५ ऑगस्ट २०२१ ला काबूल पडलं तेव्हा त्यांच्यातले कित्येक जण अजून प्रशिक्षणात होते. ज्या सैन्यात ते अधिकारी होणार होते ते सैन्यच उरलं नाही. आपण काय केलं? फेब्रुवारी २०२२ मध्ये प्रशिक्षण संपवलेल्या ८० अफगाण कॅडेटना एक वर्षाचा इंग्रजी संभाषण आणि ऑफिस कामाचा कोर्स देऊ केला. राहायची सोय आणि भत्ता. मी हे तुच्छतेने लिहीत नाही. त्या क्षणी ते वर्षभराचं छप्पर होतं, आणि ज्या कुणा अधिकाऱ्याला ते सुचलं त्याचे आभारच मानायला हवेत. पण रणांगणासाठी तयार केलेल्या पोराला वर्षभर पत्रव्यवहार शिकवायचा आणि मग? मग कुठे जायचं त्याने? तो भारतीय लष्करी अकादमीचा पदवीधर आहे, ही तालिबानच्या लेखी ओळख नव्हे, आरोपपत्र आहे. (तालिबानच्या परराष्ट्र खात्यात राहिलेले स्टानेकझाई हेही १९८० च्या दशकात डेहराडूनलाच शिकलेले. ते पुढे कुठल्या बाजूला गेले ही वेगळी गोष्ट. त्यांच्यावर मात्र ऑफिस कामाचा कोर्स करायची पाळी आली नाही.)

व्हिसाचं काय झालं ते तर आणखी वाईट. काबूल पडल्यावर आपण आणीबाणीचा ई-व्हिसा जाहीर केला. आणि २५ ऑगस्टला गृहखात्याने सांगितलं की भारताबाहेर असलेल्या अफगाणांना आधी दिलेले सगळे व्हिसा रद्द. काही पासपोर्ट गहाळ झाल्याच्या बातम्या आल्या म्हणून. मग काही पासपोर्टांसाठी सगळेच रद्द? त्यात पुण्यात शिकणारी, कोविडमध्ये घरी गेलेली शेकडो मुलंमुली होती. वर्ग ऑनलाईन सुरू, फी भरलेली, व्हिसा मात्र रद्द. त्याच आठवड्यात अफगाण संसदेच्या सदस्य रंगीना कारगर दिल्ली विमानतळावर उतरल्या तेव्हा त्यांना परत पाठवलं गेलं. नंतर सरकारने दिलगिरी व्यक्त केली. 'देवी शक्ती' मोहिमेत आपण एकूण ६६९ जण आणले, त्यात अफगाण २०६. नोव्हेंबर २०२१ अखेरपर्यंत ई-व्हिसा किती दिले, तर सरकारने संसदेत सांगितलेला आकडा २००. तीन अब्ज डॉलर, चारशे प्रकल्प, दोनशे व्हिसा.

सर म्हणाले, "पण आपण आणले ना शीख आणि हिंदू!" आणले. जून २०२२ मध्ये काबूलच्या कार्ते परवान गुरुद्वारावर हल्ला झाल्यावर शंभरावर जणांना तातडीने व्हिसा दिले. उत्तम केलं, आणखी द्यायला हवे होते. नागरिकत्व दुरुस्ती कायद्याने अफगाणिस्तानातल्या सहा धर्मांच्या लोकांना वाट करून दिली. १ सप्टेंबर २०२५ पासून लागू झालेल्या परकीय नागरिकांच्या नव्या कायद्याखालीही त्याच सहांना, २०२४ अखेरपर्यंत आलेल्यांना, कागदपत्रं नसली तरी सूट आहे. माझी तक्रार त्यांना मिळालं याबद्दल नाही. पण कर्ज फेडताना सावकाराचा धर्म विचारत नाहीत. सलमा धरणावर आपल्या इंजिनियरांसाठी बोलणारा माणूस बहुधा मुसलमानच असणार, तो देशच तसा आहे. तो आपल्या कामामुळे धोक्यात आला. धर्मामुळे छळ झालेल्याला आसरा ही एक गोष्ट आहे, आपल्या कामामुळे जिवावर बेतलेल्याला आसरा ही दुसरी. पहिलीसाठी कायदा केला म्हणून दुसरीचा हिशेब मिटत नाही.

आमच्या सोसायटीत हेरातचा एक मुलगा दोन मित्रांबरोबर भाड्याने राहायचा. भाडेकरू परदेशी म्हणून घरमालकाने सी-फॉर्म भरायचा, पोलीस पडताळणी करायची, ते सगळं झालेलं. तरी सेक्रेटरींनी सभेत विषय काढलाच. मुलगा शांत, मराठी तोडकंमोडकं, 'काका' म्हणायचा मला. त्याचा थोरला भाऊ भारतीय इंजिनियरांबरोबर दुभाष्याचं काम करायचा. काबूल पडल्यावर तो इराणमध्ये निसटला. हा इथे एमबीए झाला, मग दुसरं एमए सुरू केलं. मी एकदा विचारलं, इतकं शिकून काय करणार रे? तो हसला आणि म्हणाला, "काका, शिकत नाही मी. राहतोय." विद्यार्थी व्हिसावर नोकरी करता येत नाही. नोकरीशिवाय फी भरता येत नाही. फीशिवाय व्हिसा नाही. मी त्याच्याबरोबर एका कार्यालयात गेलो होतो, तिथल्या बाईंनी समजुतीने ऐकलं आणि सांगितलं, निर्वासित असं काही आमच्या फॉर्मवर नाही हो.

बाई खरंच बोलत होत्या. भारताने १९५१ च्या निर्वासितांविषयीच्या करारावर सही केलेली नाही, आणि आपल्या कायद्यात निर्वासित नावाचा माणूसच नाही. तिथे फक्त 'परकीय' आहे.

त्याच्या पासपोर्टची गोष्ट वेगळीच. मुदत संपत आलेली. नूतनीकरण कुठे? मुंबईच्या अफगाण वाणिज्य दूतावासात. नोव्हेंबर २०२४ मध्ये तालिबानने तिथे आपला माणूस नेमला. ऑक्टोबर २०२५ मध्ये तालिबानचे परराष्ट्रमंत्री मुत्ताकी दिल्लीत आले, त्यांच्या पहिल्या पत्रकार परिषदेत महिला पत्रकारांना प्रवेश नव्हता, त्यावर गदारोळ झाला आणि विरला. आपण काबूलमधल्या आपल्या कार्यालयाला पुन्हा दूतावासाचा दर्जा दिला. चीन आणि पाकिस्तानकडे बघून हे करावं लागतं, असं म्हणणाऱ्यांचं मी ऐकतो. असेल. राज्यं राज्यांशी बोलतात. पण त्याचा अर्थ या मुलाच्या बाबतीत असा, की ज्यांना भिऊन त्याचा भाऊ पळाला, त्यांच्याच खिडकीपुढे त्याने वडिलांचं नाव, गाव, घरचा पत्ता लिहून द्यायचा आणि सही मागायची.

"आपण कधी अशा भानगडीत पडलोच नाही" असंही ऐकायला मिळतं. पडलो आहोत. तोंडावर आपटलो आहोत. आणि ती भानगड पुण्याशीही जोडलेली आहे. २९ जुलै १९८७ च्या करारानंतर भारतीय शांतिसेना श्रीलंकेत गेली. तिची सूत्रं ज्या लेफ्टनंट जनरल दीपिंदर सिंग यांच्याकडे होती, ते दक्षिण कमांडचे प्रमुख; आणि दक्षिण कमांडचं मुख्यालय पुण्यात. सुमारे बाराशे जवान आपण तिथे गमावले. हे आपल्याला थोडंफार आठवतं. आठवत नाही ते हे, की तिथल्या तमिळांतल्या एका गटाला आपण हाताशी धरलं. ईपीआरएलएफचे वरदराज पेरुमाळ यांना ईशान्य प्रांताचे मुख्यमंत्री केलं. आपण निघणार हे नक्की झाल्यावर घाईघाईने 'तमिळ राष्ट्रीय सेना' उभी केली. गावागावांतून पोरं जबरदस्तीने उचलून त्यांच्या हातात बंदुका दिल्या. मग आपली जहाजं निघाली, शेवटचं २४ मार्च १९९० ला. मागे राहिलेल्या त्या पोरांना वाघांनी कापून काढलं. जी माणसं आपल्याबरोबर निघाली त्यांना उतरवून घ्यायला तामिळनाडू सरकार तयार नव्हतं. त्यांना ओडिशातल्या मलकानगिरीत नेऊन ठेवलं. पेरुमाळ पुढची कित्येक वर्षं भारतात पहाऱ्यात राहिले. त्यांचे नेते पद्मनाभ यांना १९ जून १९९० रोजी मद्रासमध्ये, म्हणजे आपल्या भूमीवर, आपल्या आसऱ्याला असताना, साथीदारांसह मारलं गेलं.

अमेरिकेच्या काबूल विमानतळावरच्या चित्रफिती आपण पुन्हा पुन्हा पाहिल्या, विमानाला लटकलेली माणसं पाहिली. त्रिंकोमालीच्या धक्क्याचं चित्र आपल्या डोळ्यांपुढे नाही. कॅमेरे कमी होते, एवढंच. श्रीलंकेतून आलेले पन्नास हजारांवर तमिळ निर्वासित अजून तामिळनाडूच्या छावण्यांत आहेत, तिसरी पिढी तिथे जन्मली. त्यातले बरेचसे हिंदूच. २०१९ च्या कायद्यात त्यांचंही नाव नाही, कारण श्रीलंका त्या यादीत नाही. म्हणजे धर्माचा प्रश्नही पुरता धर्माचा नाही. कुणाचं ओझं आपल्याला सोयीचं, एवढाच तो प्रश्न आहे.

सुरक्षेचा मुद्दा मी टाळणार नाही. कुणीही यावं आणि राहावं, असं मी म्हणत नाही. पण इथे आपण कुणाबद्दल बोलतोय? एनडीएच्या कॅडेटची जितकी छाननी झालेली असते तितकी माझी तुमची आयुष्यात होणार नाही. आपल्या शिष्यवृत्तीवर आलेल्या विद्यार्थ्याचे ठसे, फोटो, मार्कलिस्ट सगळं आपल्याकडे आहे. आपल्या प्रकल्पावर काम केलेल्याचं हजेरीपुस्तक आपल्याच महामंडळांच्या कपाटात आहे. अमेरिकेसारखा ठेकेदार शोधत फिरायची गरज नाही. ही माणसं काही हजार असतील. पिंपरी-चिंचवडच्या एका प्रभागाएवढीही भरणार नाहीत.

आणि निर्वासितांनी शहर बिघडतं म्हणणाऱ्यांनी पिंपरी कॅम्पात जाऊन यावं. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्यांना इथे बराकींत टाकलं तेव्हा भोवताली शेतं होती. आज दिवाळीची खरेदी शगुन चौकात केली नाही असं घर आमच्या बाजूला सापडणार नाही. तेव्हाही कुरकुर झाली होती, जुनी माणसं सांगतात. कोल्हापूरजवळ वळीवडेला १९४३ ते ४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश लोक राहिले. बायका, मुलं, म्हातारी माणसं. त्यांच्यातल्या कित्येकांचे पुरुष दोस्तांच्या बाजूने लढत होते. परक्या सैन्याला मदत करणाऱ्यांची कुटुंबंच की ती. ऑगस्ट २०२४ मध्ये पंतप्रधानांनी वॉर्सात जाऊन कोल्हापूरच्या त्या स्मारकापुढे डोकं नमवलं, आपण सगळ्यांनी छाती फुगवली. ते लोक ख्रिस्ती होते, परके होते, आपलं त्यांच्याशी काही देणंघेणं नव्हतं. तरी जागा निघाली. ती जागा काढणारं कोल्हापूर संस्थान तेव्हा काही आजच्या महाराष्ट्रापेक्षा श्रीमंत नव्हतं.

मागणी अगदी लहान आहे. आपल्या दूतावासात, प्रकल्पांत, लष्करी अकादम्यांत काम केलेल्या किंवा शिकलेल्या अफगाणांना, आणि आपण बोलावून आणलेल्या विद्यार्थ्यांना, धर्म न विचारता दीर्घ मुदतीचा व्हिसा द्या, त्यावर नोकरीची मुभा द्या, आणि पासपोर्टसाठी तालिबानच्या खिडकीवर पाठवू नका. अशी कार्यपद्धती सरकारने डिसेंबर २०११ मध्ये स्वतःच काढली होती: छळाच्या भीतीने आलेल्याला दीर्घ मुदतीचा व्हिसा आणि खासगी नोकरीची परवानगी. ती कागदावर आहे. १९९६ मध्ये चकमांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की जगण्याचा हक्क नागरिकालाच नव्हे, या भूमीवरच्या प्रत्येक माणसाला आहे. तेही कागदावर आहे.

सरांना हे सगळं मी त्या दिवशी सांगितलं नाही. चहा संपला होता आणि त्यांना नातवाला शाळेत सोडायचं होतं. जाताना ते म्हणाले, "ते त्या पोराचं काय झालं पुढे?" तो एव्हाना दिल्लीला गेला, लाजपतनगरात कुणा ओळखीच्याकडे. एमए पुरं झालं नाही.

डिसेंबर २०१६ मध्ये केंद्राने एक अधिसूचना काढून १६ जिल्ह्यांच्या जिल्हाधिकाऱ्यांना पाकिस्तान, बांगलादेश आणि अफगाणिस्तानातून आलेल्या सहा धर्मांच्या लोकांना नागरिकत्व देण्याचे अधिकार दिले. त्यात पुणे होतं. पिंपरी कॅम्पातल्या काही घरांत त्या कागदाने दिवाळी आणली. मी मागतोय तो तर नागरिकत्वाच्या कितीतरी अलीकडचा कागद आहे, नुसता व्हिसा. तो द्यायला कायदा बदलावा लागत नाही, संसद बसवावी लागत नाही. गृहखात्यातल्या एका टेबलावर एक परिपत्रक टाइप करावं लागतं.